भरलेली बाटली

१

मे महिन्यात लातूरच्या त्या होस्टेलात कुणी राहत नाही. परीक्षा संपलेल्या असतात, पोरं गाद्या-बादल्या घेऊन गावी गेलेली असतात आणि नवी पोरं यायला अजून महिना असतो. तीन मजले, बेचाळीस खोल्या, सगळ्यांना कुलपं. खाली फाटकापाशी शरणप्पा, उदगीरकडचे साठीतले वॉचमन. सगळे त्यांना मामा म्हणत. आणि वर दुसऱ्या मजल्यावर एकटा नबील.

नबील नांदेडचा. इतवाऱ्यात त्याच्या चाचांचं चष्म्याचं दुकान होतं, तिथं तो गिऱ्हाइकांचे नंबर तपासायला बसायचा. कॉलेजात असताना त्यानं दोन-तीन एकांकिका केल्या होत्या, एकीत बक्षीसही मिळालं होतं. त्या ओळखीवर मृत्युंजयनं त्याला बोलावून घेतलं. मृत्युंजय लातूरचाच. त्याला अठरा मिनिटांची एक प्रायोगिक शॉर्ट फिल्म करायची होती. क्लाससाठी गावाकडून आलेला एक मुलगा खोकल्याच्या औषधाच्या नशेत अडकतो, एवढाच विषय. संवाद नाहीत, घटना नाहीत. तेवीस नंबरची खोली, जागचा न हलणारा कॅमेरा आणि भिंतीवरून सरकत जाणारं ऊन.

"करू काहीच नकोस," मृत्युंजयनं पहिल्या दिवशी सांगितलं होतं. "नुसता बस. हात बाटलीकडं जाईल तवा जाऊ दे. न्हाई गेला तर न्हाई."

तिसरी सुकन्या. कॅमेरा, माईक, सामान, सगळं तीच बघायची. सकाळी दहाला येऊन ती मेसच्या ओट्यावर गूळ आणि सुंठेचं पाणी करायची, गाळून तपकिरी बाटलीत भरायची. बाटलीवरचं लेबल तिनं खरवडून काढलं होतं. ती बाटली खिडकीखालच्या टेबलावर ठेवून, कॅमेरा सुरू करून ती दार ओढून घ्यायची. मग दर चाळीस मिनिटांनी कार्ड बदलायला तेवढी वर यायची. शूटिंग पूर्ण होईस्तोवर काढलेलं बघायचं नाही, हा मृत्युंजयचा नियम होता. चार वाजले की दोघं आपापल्या घरी जात.

नबीलची झोपायची सोय एकवीस नंबरात होती. संध्याकाळी तो अम्मीला फोन करायचा. अम्मीला, म्हणजे खातूनबीला, त्यानं एवढंच सांगितलं होतं की शिकणाऱ्या मुलाचं काम आहे. बोलणं संपलं की त्या लांबलचक व्हरांड्यात त्याच्या चपलांशिवाय दुसरा आवाज नसे. पहिले दोन दिवस त्याला ते बरंही वाटलं.

२

तिसऱ्या दिवशी साडेअकराच्या सुमाराला त्यानं तो आवाज ऐकला.

कट्, कट्, कट्. नव्या बाटलीचं झाकण पिळताना खालच्या कड्याचे दात तुटतात, तो आवाज. घरोघरी ऐकू येणारा, साधा. बाजूच्या बावीस नंबरातून आल्यासारखा वाटला. नबीलनं टेबलावरच्या बाटलीकडं पाहिलं. ती जुनी होती, तिचं झाकण ढिलं, आवाज न करता फिरणारं. उन्हानं पत्रा तडकला असेल, असं त्याच्या मनात आलं. तेवढ्यात घसा कोरडा पडला, हात आपसूक गेला आणि तो प्याला. घट्ट, गोड, घशाला चिकटणारं. खाली उतरताना छातीत बारीक गारवा. आज सुंठ जास्त पडली, असं त्यानं मनाशी म्हटलं.

चौथ्या दिवशी तोच आवाज, तीच वेळ. त्यानंतर दुपारी दोनला पुन्हा.

संध्याकाळी त्यानं मामांना बावीस नंबर उघडायला लावलं. दोन लोखंडी कॉट, बैठक फाटलेली खुर्ची, भिंतीवर कुण्या पोरानं चिकटवलेलं वेळापत्रक. पहाटे चारपासून रात्री अकरापर्यंतचा एकही रकाना मोकळा नव्हता. मामांनी टॉर्च कॉटखाली फिरवला. उंदीर असतील म्हणाले आणि कुलूप लावलं.

पाचव्या दिवशी तो तोंड धुवायला न्हाणीघरात गेला. तिथला दिवा गेलेला होता, नुसता झरोक्याचा उजेड. आरशात स्वतःचे डोळे पाहून तो थांबला. रोज दहा-वीस जणांच्या डोळ्यांत बघायचं त्याचं काम. अंधारात बाहुली मोठी होते, हे त्याला कुणी सांगायला नको. त्या अंधाऱ्या न्हाणीघरात त्याच्या बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या झाल्या होत्या. त्यानं एक डोळा तळहातानं झाकला, वीस मोजले, हात काढला. बाहुली तेवढीच.

आरसा जुना आहे, पारा उडालेला आहे, असं म्हणून तो बाहेर आला. तरी जिना उतरताना त्यानं कठड्याला धरलं.

३

सहावा दिवस शुक्रवार. सुकन्याच्या घरचं मुरुडला लग्न होतं, म्हणून सुट्टी. ती कॅमेरा आणि सगळं सामान घेऊन आदल्या दिवशीच गेली होती. नबीलनं ठरवलं होतं, आंघोळ करून जुम्याच्या नमाजला जायचं, मग बाहेरच कुठंतरी जेवायचं, माणसांत बसायचं.

अकरा वाजता त्याला जांभया सुरू झाल्या. एकामागून एक, जबडा दुखेपर्यंत. डोळ्यांतून पाणी, नाकातून पाणी. त्रेचाळीस अंशांच्या उन्हात अंगावर काटा आला आणि पोटऱ्या आपोआप झटके द्यायला लागल्या. कामाची तयारी म्हणून मृत्युंजय त्याला एका व्यसनमुक्ती केंद्रात घेऊन गेला होता. तिथल्या एका माणसानं हेच सांगितलं होतं, याच क्रमानं. आधी जांभया येतात, भाऊ, मग डोळे गळतात, मग पाय ऐकत नाहीत.

नबील स्वतःवर हसला. गुळाच्या पाण्याची कसली तलफ. मनानं घेतलंय, आठवडाभर तेच करतोय म्हणून. ऊन लागलं असेल. तरी तो भिंत धरत मेसमध्ये गेला, डब्यातला गूळ काढला, सुंठ टाकली, पाणी उकळलं आणि पेला भरून प्याला. नुसतं गोड पाणी. पाय झटके देतच राहिले. दुसरा पेला प्याला, तो उलटून पडला.

मशिदीच्या भोंग्यावरून अजान आली तेव्हा तो जिन्यावर बसलेला होता. फाटक पन्नास पावलांवर होतं. मामा सावलीत डुलक्या घेत होते. उठायचं आणि खाली जायचं, एवढंच.

तेव्हा वरून आवाज आला. कट्, कट्, कट्.

तेवीस नंबरचं दार नुसतं लोटलेलं होतं. त्यानंतरचं त्याला नीट आठवत नाही. बाटली हाताला लागली, तो प्याला, आणि पाय शांत झाले. पाठ भिंतीला टेकली. इतकं बरं वाटलं की त्याला रडू आलं. खिडकीतून उन्हाचा पट्टा कॉटवर आला होता आणि आठवड्यात पहिल्यांदाच त्याला एकटं वाटत नव्हतं.

४

शनिवारी सुकन्या आली ती लग्नाचे लाडू घेऊन. नबीलला बघून तिनं डबा तसाच ओट्यावर ठेवला. तब्येत बरी नाही का, असं तिनं विचारलं. नबीलनं आधी टाळलं, मग सगळं सांगून टाकलं. तो आवाज, जांभया, पाय, बाहुल्या. गुळाच्या पाण्यात तू आणखी काय घालतेस, असंही विचारलं. ते रागानं विचारायचं नव्हतं, पण आवाज तसा निघाला.

सुकन्यानं पातेल्यातलं पाणी वाटीत ओतलं आणि त्याच्यासमोर पिऊन दाखवलं. मग बराच वेळ ती गाळणी धूत राहिली.

"नबील, तू ते पितोस कुठं?" ती म्हणाली. "रोज चार वाजता मी बाटली उचलते, ती भरलेलीच असती. मी मोरीत ओतून देते. मला वाटलं, तुला मृत्युंजयनं नुसतं तोंडाला लावायला सांगितलंय."

नबीलनं विचारलं, शुक्रवारची बाटली कुठं होती?

"माझ्या पिशवीत. मुरुडला." ती म्हणाली. "एकच तर हाय ती."

५

त्यांनी मृत्युंजयला फोन करून बोलावलं. तोवर थांबवेना म्हणून सुकन्यानं मेसच्या लांब टेबलावर लॅपटॉप मांडला आणि पाचव्या दिवसाचं फुटेज लावलं. बाहेर टँकरवाला टाकीत पाणी सोडत होता. भर दुपार होती.

पडद्यावर खोली. कॉटवर नबील, पाठ भिंतीला. समोर खिडकीखाली टेबल, टेबलावर बाटली. कॉटची उशाकडची बाजू चित्राच्या चौकटीत डाव्या कडेला कापली गेलेली. तिथून पुढं दिसत नव्हतं. तिथं होतंच काय, हातभर जागा आणि मग भिंत.

सतरा मिनिटं काही झालं नाही. मग आवाज आला आणि सुकन्यानं कानांवरचे हेडफोन काढून नबीलकडं पाहिलं. तो आवाज पलीकडच्या खोलीतला नव्हता. माईकच्या अगदी जवळचा होता, असं ती म्हणाली.

पडद्यावरच्या नबीलनं हात पुढं केला. टेबलाकडं नाही, डावीकडं. हात चौकटीबाहेर गेला आणि बाटली घेऊन परत आला. तो प्याला, त्यानं तोंड पुसलं, हात पुन्हा बाहेर गेला आणि रिकामा आला. एवढा वेळ टेबलावरची बाटली जागची हललेली नव्हती.

मृत्युंजय येऊन मागं उभा होता, त्यांना कळलंही नाही. त्यानं तेवढाच भाग पुन्हा लावायला सांगितला. त्याला ते आवडलं होतं. एक बाटली दिसणारी, एक हवीहवीशी वाटणारी. हे तुला सुचलं कसं, असं तो विचारत होता. नबील म्हणाला, मला काही सुचलेलं नाही.

सुकन्यानं ते हळू लावलं. हात बाहेर जातो. चौकटीच्या कडेला बाटलीचा गळा दिसतो. आणि गळ्याभोवती बोटं, नबीलची नव्हेत अशी. बारीक, धुतल्यासारखी पांढरी. नबीलचा हात बाटलीवर आला तरी ती बोटं लगेच सुटली नाहीत. बाटली त्याच्या मुठीत नीट बसली, याची खात्री झाल्यावर ती एकेक करून सुटली. लेकराच्या हातात दुधाचा पेला देताना आई सोडते तशी.

सुकन्यानं लॅपटॉप मिटला. मृत्युंजय म्हणाला, हलत्या हाताची एकावर एक चित्रं येतात, कमी उजेडात असं होतं. तो बराच वेळ समजावून सांगत राहिला. नबीलनं तोवर पिशवी भरली होती. तेवीस नंबरात राहिलेली चादर आणायलाही तो गेला नाही.

६

नांदेडला घरी त्याला सावरायला आठ दिवस लागले.

पहिल्या चार दिवसांत त्यानं अन्नाला तोंड लावलं नाही. हाडांत कुणी थंड पाणी फिरवतंय असं वाटायचं. चाचांनी डॉक्टर आणला. त्यानं रक्त तपासलं, लघवी तपासली, आणि नबीलनं स्वतःच सांगितलं म्हणून नशेचीही तपासणी केली. कागदावर काहीच निघालं नाही. डॉक्टर म्हणाला, साथीचा ताप असेल, पाणी भरपूर प्या.

खातूनबी रात्रंदिवस त्याच्या पायथ्याशी बसून पाय दाबत राहिली. शेजारच्या बायकांना तिनं आत येऊ दिलं नाही. तिच्या माहेरी एक भाऊ याच पायी गेला होता. तिला कागदाची गरज नव्हती. पाचव्या दिवशी, तो जरा सावरल्यावर, तिनं एकच विचारलं.

"कौन दिया रे तेरेकू?"

नबील छताकडं बघत राहिला. खोटं बोलायचं नव्हतं आणि खरं काय ते त्याला माहीत नव्हतं. तो गप्प राहिला तसा तिनं त्याचा अर्थ लावला, की पोरगा कुणाला तरी वाचवतोय, आणि ती उठून आत गेली. त्या घरात त्याच्या इतक्या जवळचं दुसरं कुणी नव्हतं. तिलाही सांगता येत नव्हतं.

नवव्या दिवशी तो दुकानात जाऊन बसला. गिऱ्हाइकाच्या डोळ्यात उजेड पाडताना त्याचा हात थरथरला नाही. संध्याकाळी त्यानं आरशात बघितलं, दिवा घालवून पुन्हा बघितलं. बाहुल्या बरोबर होत्या. बरं वाटायला हवं होतं. पण त्याला आठवत होती ती उन्हाच्या पट्ट्यातली शुक्रवारची दुपार, आणि तसं पुन्हा कधी वाटणार नाही याचं दुःख, जे कुणाजवळ बोलून दाखवायची सोय नव्हती.

७

जूनच्या पहिल्या आठवड्यात सुकन्याचा फोन आला. एक शॉट राहिला म्हणून मृत्युंजय स्वतः त्या खोलीत बसतोय, सहा दिवस झाले. जेवत नाही, घरी धड बोलत नाही.

शॉट झाला की येईल, असं नबील म्हणाला. त्याला फोन ठेवायचा होता.

"कॅमेरा माझ्याकडं हाय," सुकन्या म्हणाली. "पहिल्या दिवसापासून."

सकाळच्या एसटीनं तो निघाला. अम्मीला त्यानं दुकानाच्या कामाला जातोय म्हणून सांगितलं. अहमदपूर मागं पडल्यावर त्याच्या ध्यानात आलं की आपण मृत्युंजयसाठी चाललोय की आणखी कशासाठी, याची आपल्याला खात्री नाही. म्हणून लातूरला पोचल्यावर त्यानं सुकन्याला आणि मामांना जिन्याच्या वळणावर उभं केलं. पाच मिनिटांत बाहेर आलो नाही तर वर या आणि मी काहीही बोललो तरी ऐकू नका, असं बजावलं.

दार लोटलेलं होतं. मृत्युंजय कॉटवर मधोमध बसला होता, पाठ भिंतीला. दाढी वाढलेली, ओठ कोरडे. खोलीत टेबल होतं, टेबलावर काहीच नव्हतं. उशाकडच्या जागेकडं नबीलनं पाहिलं नाही. डोळ्याच्या कोपऱ्यातून एवढं दिसलं की तिथली चादर दबलेली आहे.

"आलास?" मृत्युंजय म्हणाला आणि हसला. त्याच्या बाहुल्या मोहरीएवढ्या होत्या. "बस ना." तो पायथ्याकडं सरकला, नबीलला मधली जागा करून दिली.

नबील उभाच राहिला. खाली चल, तुझी आई वाट बघतेय, असं काहीतरी म्हणाला. मृत्युंजय ऐकत नव्हता. त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता, वेडेपणा नव्हता, कणव होती.

"त्याला एकट्यानं घ्यायचं भ्या वाटतंय, नबील. म्हणून देतोय आपल्याला. दुसरं काय न्हाई."

नबीलच्या तोंडाला पाणी सुटलं. त्यानं उजव्या हातानं मृत्युंजयचं मनगट धरलं आणि ओढलं. मृत्युंजय जड नव्हता, पण जागचा हलेना. नबीलनं डावा हात कॉटच्या कडेला टेकवून जोर लावला, तेव्हा त्या तळहातावर काहीतरी ठेवलं गेलं. गुळगुळीत, गार, भरलेलं. कुणीतरी ते धरून होतं, त्यानं मूठ मिटायची वाट बघत.

त्यानं नजर मृत्युंजयच्या मनगटावरून हलवली नाही. डाव्या हाताची बोटं उघडी ठेवणं, एवढंच त्याला करायचं होतं. आयुष्यात त्यानं याहून अवघड काही केलेलं नव्हतं. किती वेळ गेला कुणास ठाऊक. मग तळहात हलका झाला, मृत्युंजय एकदम सैल पडला आणि दोघं दाराबाहेर कोसळले. जिन्यावरून सुकन्या धावत आली.

मृत्युंजयला तिनं आणि फोन करून बोलावलेल्या त्याच्या भावानं रिक्षात घालून नेलं. पुढं तो दोन महिने घरी पडून होता, पण उठला. ती फिल्म त्यानं कधीच जुळवली नाही.

नबील मागं थांबला. त्यानं मामांना विचारलं, पोरं कधी येणार? पंधरा तारखेपासून, मामा म्हणाले, दोन-दोन करून सगळ्या खोल्या भरणार. या खोलीत कुणाला ठेवू नका, नबील म्हणाला. का, ते मामांनी विचारलं नाही. त्यांनी मृत्युंजयचा चेहरा बघितला होता. मालकाला छत गळतंय म्हणून सांगतो, म्हणाले.

दोघांनी गच्चीवरच्या मोडक्या कॉट आणल्या, खुर्च्या आणल्या, बिघडलेला कूलर आणला आणि तेवीस नंबर एकावर एक रचत भरत आणली. माणसाला पाय ठेवायला जागा राहू नये अशी. चार वाजत आले तेव्हा खिडकीशी, भिंतीलगत तेवढी जागा राहिली. मामांनी आणखी एक कॉट आडवी करून आत सारायला घेतली. तिथं अजून दोन माणसं मावतील, म्हणाले.

"ऱ्हाऊ द्या तेवढी," नबील म्हणाला.

मामांनी त्याच्याकडं नीट बघितलं, मग त्याला बाजूला करून ती कॉट स्वतःच आत ढकलली. दार ओढलं, कुलूप घातलं. नबीलचा हात नकळत पुढं झाला होता. त्यानं तो मागं घेतला.

"मामा, किल्ली तुमच्याजवळच ठेवा. मी मागायला आलो तरी देऊ नका. काय पण सांगितलं, रडलो तरी."

मामांनी किल्ली धोतराच्या कनवटीला खोचली.

"कवापर्यंत?" त्यांनी विचारलं.

नबील कठड्याला धरून जिना उतरू लागला.